लॉर्नचं उदाहरण

जिन्याच्या वळणावर तो मला धडकला आणि इंग्रजी-मराठी शब्दकोशाच्या कार्डांचा अख्खा खण पायऱ्यांवर सांडला. दुसऱ्या कुणी माफी मागितली असती. यानं एक कार्ड उचलून वाचायला घेतलं.

"लॉर्न... एकाकी, टाकलेला. हा इंग्रजी शब्द अजून कुणी वापरतं?"

"आधी गोळा करू लागा," मी म्हटलं.

तो नवा तपासनीस निघाला. कुठला शब्द जिवंत, कुठला प्रचारातून गेलेला, हे ठरवायला तीन आठवड्यांसाठी आलेला.

लॉर्नचं मूळ मला पाठ होतं. 'हरवणे' अशा अर्थाच्या एका जुन्या क्रियापदाचं हे रूप. क्रियापद कधीच गेलं, हे मागे राहिलं... सगळी पांगल्यावर घर राखत बसलेल्या आत्यासारखं. आत्याला निदान भाचरं असतात.

कार्डावर उदाहरणाची जागा तेवढी रिकामी होती. आमच्या कचेरीचा नियम कडक – उदाहरण स्वतः पाहिलेलं हवं, कोपऱ्यात तारीख हवी.

"उदाहरण नाही, म्हणजे शब्द गेला. शिक्का मारू?"

"नका. जिवंत आहे."

"कशावरून?"

"...आहे."

त्यानं माझ्याकडे जरा जास्तच वेळ पाहिलं. "बरं. तिसऱ्या शनिवारपर्यंत. त्या दुपारच्या गाडीनं मी चाललो."

उदाहरणासाठी आरसा पुरला असता. पण ते कार्ड सगळ्या कचेरीनं वाचलं असतं. मी जागा कोरीच ठेवून कार्ड त्याच्याकडे पाठवलं.

तिसऱ्या शनिवारी कार्ड माझ्या टेबलावर परत आलं. त्यावर त्याचं अक्षर होतं – 'ती खिडकीकडे तोंड करून डबा खाते आणि शेजारची रिकामी खुर्ची रोज पुसून ठेवते.' कोपऱ्यात तारखा. एक नाही, अकरा.

तो पाठमोरा बॅग भरत होता. कान मात्र लाल.

"अकरा दिवस माझ्या डब्यावर पाळत?"

"नियम आहे... स्वतः पाहिलेलं हवं."

"खुर्ची पुसते हे दिसलं. बसावं हे नाही सुचलं?"

"कुणासाठी पुसता, ते कुठे लिहिलं नव्हतं."

मी खुर्ची मागे ओढली. आज पुसायची राहिली होती. तो तसाच बसला.

"तुमची गाडी?"

"चुकली बहुतेक," तो म्हणाला. घड्याळाकडे न बघता.

डबा संपल्यावर मी त्याचा शिक्का मागून घेतला आणि लॉर्नच्या कार्डावर उमटवला – प्रचारातून गेलेला. खाली तारीख घातली.

"अहो, जिवंत आहे म्हणत होतात ना?"

"सकाळपर्यंत होता."