उतारावरचे एकोणीस

दुपारचे सव्वातीन. सोनवी धरणाच्या जलविवेक केंद्रात सात माणसं भिंतीएवढ्या पडद्यासमोर उभी होती. सहा जणांच्या नजरा चढत्या पाण्यावर होत्या. सातवी, वैजयंती घाडी, खैरवण गावाच्या वेशीबाहेरचा दगडी उतार बघत होती. तिथे एकोणीस हिरवे ठिपके निवांत तेवत होते.

"उतारावर माणसं कुठून आली?" केंद्राचे संचालक डॉ. नेरूरकर म्हणाले. "तिथे तर कुत्रंही राहत नाही."

धरणाला सांडवे तीन. डाव्याचं पाणी खैरवण गावावर जायचं, मधल्याचं उतारावर, उजव्याचं थेट या केंद्रावर. धरण भरलं की कोणता सांडवा उघडायचा हे विवेकयंत्र ठरवायचं. प्रत्येकाच्या मनगटावर सरकारी अंगखूण असायची. उजेडावर चालणारी पट्टी, नाव आणि ठिकाण कळवणारी. यंत्र तिन्ही वाटांवरच्या अंगखुणा मोजायचं आणि जिथे सर्वांत कमी, तिथे पाणी सोडायचं. नाडी ते बघायचं नाही, कारण कायद्याने तो खासगीपणाचा भंग होता. माणसाने तोंडी सांगितलेलं तर ते मानायचंच नाही. अशा माहितीला त्याच्या भाषेत 'ऐकीव' हा शेरा होता. घाबरलेलं माणूस खोटं बोलतं, पण अंगखूण बोलत नाही, असं नेरूरकर देशोदेशीच्या सभांमधून सांगत आले होते. उतारावर कायम शून्य असायचं, म्हणून केंद्र उजव्या तीरावर खोलात बांधायला ते कचरले नव्हते.

यंत्रचालक तांडेलांनी घसा साफ केला. इशारा देऊन वीस मिनिटं झाली, ते एकोणीस जण तसूभर हलले नाहीत, असं त्यांनी सांगितलं. यंत्राने त्यांना आजारी आणि अपंग धरून त्यांचं वजन वाढवलं होतं. गावात दोनशे तीस, उतारावर एकोणीस, केंद्रात सात. सव्वाचारला उजवा सांडवा उघडणार होता.

तळघरात विवेकयंत्र होतं, नेरूरकरांच्या बावीस वर्षांच्या कष्टांचं.

"नावं काढा," ते म्हणाले.

नावं पडद्यावर आली. प्रत्येकापुढे एकच शब्द होता. बेपत्ता.

वैजयंतीने पहिलं नाव वाचलं, मग बाकीची अठरा.

सहा वर्षांपूर्वी देवाने कौल दिला आणि खैरवणने गावपळण केली. घरांना कड्या घालून, गुरं-कोंबड्या घेऊन, तीन दिवस सगळा गाव वेशीबाहेर उतारावर झोपड्यांत राहिला. जुन्या मंडळींनी एक नेम केला होता, की सरकारने बांधलेली खूण देवाच्या वाटेवर न्यायची नाही. सगळ्यांनी अंगखुणा काढून आपापल्या तुळशीला बांधल्या. दुसऱ्या दिवशी अवेळी वादळ आलं. यंत्राला गाव भरलेला दिसला, उतार रिकामा. मधला सांडवा उघडला. धडधाकट होते ते वर पळाले. म्हातारी, आजारी माणसं आणि पोटुश्या बाया मागे राहिल्या. खाडीने त्यांतला एकही देह परत दिला नाही.

नोंदीनुसार ते एकोणीस जण त्या दिवशी घरातच होते. घरं शाबूत, म्हणजे मेले कसे? त्यांना बेपत्ता लिहिलं गेलं, आणि बेपत्ता माणूस यंत्राच्या हिशेबी जिवंत असतो. वाचलेल्यांनी सहा वर्षं अर्ज केले. साक्षीदाराची अंगखूण त्या वेळी उतारावर नव्हती, असं उत्तर दर वेळी आलं. खैरवणचीच वैजयंती तेव्हा पुण्यात जलशास्त्र शिकत होती. नोकरी तिने याच केंद्रात धरली, आणि पहिल्याच महिन्यात त्या दिवशीच्या फोनचं जुनं ध्वनिमुद्रण शोधून ऐकलं. आईचा आवाज होता. "आमी हंय उतारार आसंव. माणसां आसत हंय. पाणी सोडू नको रे पुता." मग नेरूरकरांचा शांत आवाज, "ऐकीव आहे. सोडून द्या."

जात्यावर बसली की हीच आई म्हणायची,

नदीबाई माझ्या सये, काठाकाठानं गं जावं
माझ्या लेकीच्या माहेरा दुरून गं पाहावं

"हे तुम्ही केलंत," नेरूरकर तिच्या शांत चेहऱ्याकडे बघून म्हणाले.

"सकाळी गावाने केलं. ज्याने त्याने आपल्या माणसाची पट्टी तुळशीवरून सोडून उतारावरच्या दगडाला बांधली. यंत्राला मी बोटही लावलेलं नाही, सर. तुम्ही शिकवलंत तेच ते मोजतंय."

"पण ती माणसं मेलेली आहेत."

"हे तुम्ही पहिल्यांदा म्हणालात."

तांडेल खाली बघू लागले. पट्ट्या काढायला माणूस पाठवावा तर पूल पाण्याखाली होता. सांडव्यांचे हातदांडे नेरूरकरांनीच उपटून टाकले होते, माणसाचा हात डगमगतो म्हणून.

"एक वाट आहे," वैजयंती म्हणाली. "संचालकांना मृत्यूनोंद करता येते. कारणासकट. उतारावर शून्य झालं की यंत्र मधला सांडवा उघडेल. केंद्र वाचेल."

नेरूरकर हिशेबी माणूस होते. एका बाजूला नाव, मानमरातब, कदाचित तुरुंग. दुसऱ्या बाजूला बावीस वर्षं. ते बसले आणि लिहू लागले. हे एकोणीस जण माझ्या यंत्राच्या निर्णयाने उतारावर बुडाले. त्यांनी फोन करून सांगितलं होतं. मी ऐकलं नाही. यंत्रात दुरुस्ती करता आली असती, एका विक्षिप्त गावासाठी मी ती केली नाही. त्यांनी सही केली. छापील प्रत बाहेर आली.

यंत्राने चार सेकंद घेतले. पडद्यावर ओळ उमटली, "साक्षीदाराची अंगखूण त्या वेळी केंद्रात होती, घटनास्थळी नव्हती. माहिती ऐकीव."

एकोणीस ठिपके तसेच राहिले.

"अरे, पण मी सांगतोय ना," नेरूरकर पडद्याला म्हणाले. पुन्हा म्हणाले. मग वैजयंतीकडे वळले. "तुम्हाला माहीत होतं."

"हो. सहा वर्षं हेच उत्तर येतंय आम्हाला." तिने प्रत घडी करून पिशवीत ठेवली. "त्याला नाही पटलं. पण कोर्टाला पटेल. चला, वर जायचंय. तुम्हाला इशारा तरी मिळालाय."

पाच जण आधीच निघाले होते. नेरूरकर खुर्चीचे हात धरून बसले, तेव्हा तिनेच त्यांना दंडाला धरून उठवलं. तिला ते जिवंत हवे होते.

टेकडीवर सगळे पोचले तेव्हा उजवा सांडवा उघडला. पाणी आधी आवारात शिरलं, मग पायऱ्या उतरून तळघरात. खिडक्यांतला उजेड एकेक करत विझला. नेरूरकर चिखलात बसले. समाधान झालं का, असं त्यांनी क्षीण आवाजात विचारलं.

"नाही," वैजयंती म्हणाली.

तिने पिशवीतून त्या एकोणीस नावांची यादी काढून त्यांच्या हातात दिली. पावसात कागद आधीच भिजू लागला होता. "वाचा. मोठ्यानं. यातलं एकही नाव तुम्ही कधी उच्चारलेलं नाही."

त्यांनी तांडेलांकडे पाहिलं. तांडेल पाण्याकडे बघत राहिले.

"भागीरथी..." नेरूरकरांनी कागदावरचं पाणी पुसलं. "भागीरथी सखाराम घाडी." ते थांबले आणि वैजयंतीच्या तोंडाकडे बघत राहिले.

"पुढचं," ती म्हणाली.