मखमलच्या मानेवरचा वास

"टोपली हलवू नकोस, अंगद," महजबीन म्हणाली.

"मी कुठं हलवून राह्यलो? तीच थरथरतेय."

दोघा दोस्तांचा पेरूच्या झाडावर मचाण बांधायचा सुटीतला बेत तिथेच राहिला. टोपलीतली महजबीनची मांजर मखमल तोंडातून लाळ गाळत होती. उभी राहायला गेली की तिचे पाय लटपटत.

शेजारच्या द्वारकाबाईंकडे बोट दाखवून महजबीनचे काका इस्माईलचाचा अंगणभर सांगत होते, "हिनंच दुधात काहीतरी घातलं. मांजर रोज पातेल्यात तोंड घालते म्हणून डूख धरून राह्यली."

"माझ्या लेकरागत हाये ती," द्वारकाबाई एवढंच म्हणाल्या आणि पदर तोंडाला लावून आत गेल्या.

महजबीनला संताप आला. काही न बघता, न विचारता एवढा मोठा आळ? पण आधी मखमल. तिने गुरांच्या दवाखान्यातल्या ज्योत्स्ना डॉक्टरांना फोन लावला.

"तिच्या अंगावर कुणी काही लावलंय का, बघ," डॉक्टर म्हणाल्या.

मानेवरचे केस तेलकट होते. अंगदने वास घेतला. "हा तर तुमच्या म्हशीच्या अंगाला येतो तो वास. गोचिडाचं औषध."

"साबण आणि कोमट पाण्यानं धुवा. चाटू देऊ नका. आणि औषधाची बाटली घेऊनच या, जल्दी," डॉक्टर फोनवर म्हणाल्या.

गोठ्यातल्या कोनाड्यात बाटली नव्हती. चाचांना विचारलं, तर ते खेकसले, "मला काय माहीत? पोरांनी मोठ्यांची उलटतपासणी घेऊ नये."

"खोटं बोलतात," मखमलला धुताना महजबीन म्हणाली.

"मंग खरं बोलायला लावू." अंगद चाचांकडे गेला. "चाचा, आमच्या कुत्र्याला लई गोचिड झालेत. आमचे आबा म्हणाले, तुमच्यासारखा इलाज डॉक्टरलाबी जमत न्हाई."

चाचांची छाती फुगली. खाटेखालच्या डब्यातून त्यांनी बाटली काढली. "मानेवर चोळ. सकाळी मांजरीला चोळलं, बराबर साफ..." ते मध्येच थांबले.

दारात महजबीन उभी होती, हातात टॉवेलात गुंडाळलेली मखमल. मागे द्वारकाबाई.

"चाचा, ही म्हैस आहे का? चूक झाली तर सांगायचं होतं. तुम्ही बाटली लपवली आणि नाव द्वारकामावशींचं घेतलं." महजबीन म्हणाली.

चाचांनी मान खाली घातली आणि मोटरसायकलची किल्ली उचलली.

दवाखान्यात बाटली पाहताच डॉक्टरांनी इंजेक्शन दिलं. थरथर हळूहळू थांबली. "गुरांचं औषध गुरांपुरतं असतं, इस्माईलभाई. मांजरीला हे विष आहे. पोरांनी धुतलं, बाटली आणली, म्हणून वाचली. शाबास रे दोघांना."

संध्याकाळी चाचा द्वारकाबाईंच्या दारात उभे राहिले. "चूक माझी होती, बाई," ते हळूच म्हणाले.

"आळ अंगणभर घेतला," द्वारकाबाई म्हणाल्या. "मंग कबूलही अंगणातच करा."

चाचांनी अंगणात जाऊन, सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं. मग द्वारकाबाईंनी महजबीनला जवळ घेतलं. "तू न विचारता माझ्यावर शंका घेतली न्हाईस, बाई," त्या म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी मखमलला औषध पाजायची वेळ झाली. चाचांनी बाटली उचलली, पण झाकण उघडण्याआधी महजबीनसमोर धरली.

"बघ गं, हे मांजरीचंच आहे ना?"