मूळ नोंद

"पहिल्या प्रयोगाआधी स्वतःची मूळ नोंद करून घे," असं फडतऱ्यांनी शाल्मलीला बजावलं होतं. हाताला लकबपट्टी बांधून वीस मिनिटं नुसतं चालायचं, बसायचं, एवढंच. पण रंगपटात तिची पाच महिन्यांची लेक रेवा रडत होती.

"अहो, मी कशी आहे ते मला ठाऊक आहे की," म्हणत ती आत पळाली.

लकबपट्टी मुळात फडतऱ्यांनी अर्धांगाच्या रुग्णांसाठी बनवलेली. एकाच्या स्नायूंच्या बारीक सवयी टिपून दुसऱ्याच्या अंगात उतरवायच्या. शाल्मलीने त्यातून नाट्यप्रयोग उभा केला. सांगलीच्या छोट्या रंगमंचावर एक पट्टी एखाद्या प्रेक्षकाला, दुसरी स्वतःला. दहा मिनिटांत ती त्याच्यासारखी मान खाजवू लागे, पाय हलवू लागे. "मी असा बसतो?" म्हणून तोच चकित. माणूस 'तोच' कशाने असतो, हे तिला शोधायचं होतं.

वर्षभरात एक्केचाळीस प्रयोग झाले. आणि रेवा तिच्या मांडीवर झोपेनाशी झाली.

"दात येत असतील," शाल्मली म्हणाली.

"दात कसले," सासूबाई म्हणाल्या. "थोपटतेयस की भाकरी थापतेयस?"

तिचा हात थांबला. खरंच, ही लय तिची नव्हती. मागच्या महिन्यातल्या प्रयोगात पट्टी बांधलेल्या खानावळवाल्या मावशींची होती.

ती तडक फडतऱ्यांकडे गेली. "या सगळ्यांना उतरवा माझ्यातून."

"उतरवतो. पण त्यांच्या जागी काय चढवू? तुझी नोंद कुठाय?"

"जुने व्हिडिओ आहेत."

"व्हिडिओत हात दिसतो गं. हाताचा जोर नाही दिसत."

दुसऱ्या दिवशी दुपारी रेवा कापडी सशाला झोपवत बसली होती. दोन हलक्या थापा, जरासा थांबा, मग पाठीवरून सावकाश तळवा. पुन्हा दोन.

सासूबाई निवडायला घेतलेली मेथी तशीच टाकून बघत राहिल्या. "अगदी अशीच थोपटायचीस तू हिला. सुरुवातीला."

पट्टी पिशवीतच होती. रेवाच्या हाताला बांधून ती लय टिपून घ्यायची, की झालं. शाल्मलीने पिशवी उघडली, आणि परत बंद केली. मग सशाला बाजूला सारून तीच लेकीपुढे पालथी झाली. रेवाने इमानेइतबारे आईला थोपटलं.

चार दिवस ती शिकत होती. पाचव्या दिवशी रेवा तिच्या मांडीवर झोपली. पण ही लय जुनी, की लेकीकडून नव्याने घेतलेली, हे शाल्मलीला सांगता येईना.

बेचाळिसावा प्रयोग तिने पट्टीशिवाय केला. प्रयोगपत्रिकेच्या शेवटच्या पानावर तिने छापलं होतं: "तुम्हाला ज्यांनी थोपटून झोपवलं, त्यांच्याकडे एकदा जाऊन या. त्यांचा हात हातात घेऊन बघा. त्यांचं त्यांच्याकडे काही उरलंय, की सगळं तुम्हीच घेऊन आलात?"