कन्निमारच्या कातळावर

व्हॅन मैलापूरच्या ठाण्याच्या आवारात शिरली तेव्हा ड्रायव्हर रडत होता. त्याने दार सरकवलं आणि स्वतःच आधी बाजूला पळाला.

इन्स्पेक्टर श्रीरंजनीने आत डोकावून पाहिलं. मधल्या सीटवर एक माणूस चादरीखाली आडवा होता. चादर डोक्याकडून काळी पडली होती, दुसऱ्या टोकाने महागडे बूट बाहेर आले होते. खाली, सीटांच्या मधल्या जागेत, दुसरा माणूस होता. त्याचे हातपाय नायलॉनच्या दोरीने करकचून बांधलेले, एक डोळा सुजून मिटलेला, पुढचे दात गेलेले, कानशिलावर बुटाच्या तळव्याचा ठसा, कानातून रक्ताचा ओघळ. पहिला मेला होता. दुसरा अजून कण्हत होता.

“हा खुनी,” व्हॅनमधून उतरलेला एक धिप्पाड तरुण मोडक्यातोडक्या तामिळमध्ये म्हणाला. “आम्हीच धरून आणलाय.”

“आणि त्याला मारलं कुणी?” श्रीरंजनीने मराठीत विचारलं. तिच्या घरी तंजावरची मराठी बोलत. पुण्यामुंबईची माणसं ती ऐकून हसत, पण हा हसला नाही. तो चपापला.

“मी. मग काय आरती ओवाळू त्याची?”

श्रीरंजनीचं डोकं भडकलं. डोंगरातल्या खुनाच्या जागेवरून प्रेत उचलायचं, आरोपीला अर्धमेला करायचं, आणि वाटेतली चार ठाणी सोडून थेट चेन्नईत यायचं! वर शाबासकीची अपेक्षा. तिने आधी दोरी कापून घेतली आणि त्या माणसाला दोन शिपायांबरोबर सरकारी इस्पितळात पाठवलं. मग डोंगरातल्या ठाण्याला फोन लावला. गुन्हा त्यांच्या हद्दीतला होता. आम्ही निघालोच, खुनी आमच्या ताब्यात द्या, असं तिकडून सांगण्यात आलं. खुन्याची म्हातारी आई जीपला लटकली आहे, तिलाही बरोबर घ्यावं लागतंय, अशी कुरकुरही ऐकू आली.

म्हणजे ते पोचेपर्यंत तिला वेळ होता. त्यानंतर बांधून आणलेला तो माणूस, सुब्बा नावाचा वाटाड्या, खुनी ठरून गेला असता, आणि त्याच्या बाजूने बोलायला कुणीच नव्हतं.

सबइन्स्पेक्टर राजगोपालला हे प्रकरण सरळ वाटत होतं. मेलेला माणूस उन्मेष, गिंडीतल्या एका छोट्या इंजिनिअरिंग कारखान्याचा मालक. डोंगरातलं राष्ट्रीय उद्यान एका दिवसात पाहायला त्याने खासगी सहल ठरवली होती. एक व्हॅन, एक वाटाड्या आणि चौघं जण. उन्मेष, त्याची बायको निधी, भागीदार हेरंब, म्हणजे तो धिप्पाड तरुण, आणि कारखान्याचे जुने मॅनेजर बालाजीराव.

बालाजीराव व्हॅनमधून सगळ्यांत शेवटी उतरले. साठीला आलेले, कपाळावर गंध, पायात नवेकोरे कॅनव्हासचे बूट. दोन पावलं टाकून त्यांनी भिंत धरली आणि बाकावर बसून घेतलं. नवे बूट चावले, असं ते पुटपुटले.

श्रीरंजनीने निधीला आत बोलावलं. तिच्या कुडत्याला नवऱ्याचं रक्त लागलं होतं. सगळ्यांच्याच कपड्यांना लागलं होतं, कारण प्रेत सगळ्यांनी मिळून खाली आणलं होतं. निधी रडत नव्हती. कुडत्यावरचं वाळलेलं रक्त ती नखाने खरवडत होती.

भांडण सकाळीच झालं होतं, तिने सांगितलं. वर एक मोठा उघडा कातळ आहे. त्याच्या मध्यावर कन्निमार, म्हणजे सात कुमारी देवींचे सात दगड. कातळाच्या कडेला हळद फासलेला एक धोंडा आहे. इथून पुढे पायताण नाही, असं सुब्बाने बजावलं. उन्मेष हसला आणि बुटांसकट वर गेला. वर जाऊन फोटोसाठी त्यातल्या एका दगडावर उभा राहिला. सुब्बाने त्याचा दंड धरून खाली ओढलं, तेव्हा उन्मेषने त्याच्या थोबाडीत मारली.

“तुम्ही बूट काढलेत?” श्रीरंजनीने विचारलं.

“नाही. हेरंबनेही नाही. लेस सोडा, बांधा, कोण करणार? बालाजीरावांनी काढले. त्यांनी नमस्कारही केला. धुकं होतं, कातळ नुसता बर्फ. ते कुडकुडत परत आले.”

“दुपारी?”

दुपारी ऊन कडक झालं. जेवण झाल्यावर उन्मेष पुन्हा एकटाच कातळावर गेला. निधी आणि हेरंब पलीकडच्या टेहळणीच्या मचाणावर होते. बालाजीराव कातळाखाली झाडाच्या सावलीत डबे आवरत होते, सुब्बा दूरच्या झऱ्यावर पाणी भरायला गेला होता. मग सुब्बाची किंकाळी ऐकू आली. ती दोघं धावत गेली, तर सुब्बा उन्मेषचं डोकं मांडीवर घेऊन बसला होता. डोकं म्हणण्यासारखं त्यात फारसं उरलं नव्हतं. बाजूला एक रक्ताळलेला धोंडा पडला होता.

“मचाणावर तुम्ही दोघंच होता?”

निधीने मान खाली घातली. तेवढ्याने श्रीरंजनीला कळायचं ते कळलं.

हेरंबला तिने आडवळणाने काही विचारलं नाही. “उन्मेष गेला. आता कारखाना तुमचा?”

“भागीदारीत तसंच ठरलंय. पण मी मारलं नाही त्याला. मी आणि निधी एकत्र होतो.”

“एकमेकांसाठी तुम्ही दोघं काहीही सांगाल.”

“मग हे बघा,” हेरंब म्हणाला आणि त्याने मोबाइल पुढे केला. प्रेत उचलण्याआधी त्याने पुराव्यासाठी फोटो काढला होता. “रक्तातले ठसे बघा. अनवाणी पायांचे. आमच्यातला प्रत्येक जण बूट घालून होता. तिथे अनवाणी फिरणारा एकच, तो जंगली.”

फोटो स्पष्ट होता. उन्मेष पालथा पडलेला, बूट पायात. प्रेताभोवती रक्तात उमटलेली अनवाणी पावलं. काही ठसे पूर्ण होते, टाचेपासून बोटांपर्यंत. दुसरे काही प्रेतापासून निघून कातळाच्या कडेला पाणी झिरपणाऱ्या चिरेकडे गेले होते. त्यांना टाच नव्हतीच. नुसता चवडा आणि बोटं.

राजगोपालने मागून डोकावून पाहिलं. “पळत गेलाय, मॅडम. पळताना टाच टेकत नाही.”

“पळणारा माणूस लांब ढांगा टाकतो,” श्रीरंजनी म्हणाली. “इथे एका वितीवर दुसरं पाऊल आहे. असं कोण पळतं?”

ती फोटोकडे बघतच राहिली. सगळं बालपण तिने मैलापुरातल्या देवळांभोवती काढलं होतं.

“प्रेत खाली आणताना बालाजीरावांनी कुठून हात लावला?” तिने हेरंबला विचारलं.

“ते वर आलेच नाहीत. त्या पिवळ्या धोंड्यापाशी उभे होते. बूट घालून पुढे येणार नाही म्हणे. मी म्हटलं, मग काढा आणि या. तरी आले नाहीत. आम्ही तिथवर आणल्यावर त्यांनी हात लावला.”

श्रीरंजनीने इस्पितळातल्या शिपायाला फोन केला. सुब्बाचे तळवे बघ, एवढंच सांगितलं. तळवे जाडजूड होते, भेगाळलेले. रक्त होतं, पण फोड एकही नव्हता.

तिने सगळ्यांना एका खोलीत बसवलं आणि बालाजीरावांसमोर खुर्ची ओढली. आता ती घरच्या बोलीत बोलली.

“मामा, बूट काढा.”

“कशाला, अम्मा? पाय दुखालेत. नवे बूट चावले.”

“कुठं चावले?”

“टाचेस. मागल्या बाजूस.”

“दाखवा.”

बालाजीराव हलले नाहीत. राजगोपालने खाली बसून त्यांचे बूट ओढून काढले, तसे ते विव्हळले. टाचेची मागची बाजू साफ होती. तळव्यांवर मात्र, चवड्यांखाली आणि बोटांखाली, पाण्याने भरलेले टपोरे फोड आले होते. दोन फुटून आतलं लाल मांस दिसत होतं.

निधीने तोंड फिरवलं.

“बूट चावला की फोड टाचेच्या मागे येतो किंवा करंगळीला,” श्रीरंजनी म्हणाली. “तळव्याला असे फोड तापलेल्या दगडावर येतात. भर उन्हात देवळाच्या फरसबंदीवर उतरलेलं कुठलंही माणूस बघा. टाच उचलतं आणि चवड्यांवर टुकूटुकू पावलं टाकत सावली गाठतं. फोटोतले ठसे त्याच चालीचे आहेत. सुब्बा जन्मभर अनवाणी चाललाय. त्याला त्या कातळाचा चटका लागत नाही, तो पूर्ण पाऊल टेकतो. ते पूर्ण ठसे त्याचे. तो नंतर आला आणि उन्मेषचं डोकं मांडीवर घेऊन बसला. टाच नसलेले ठसे दुसऱ्याचे, शहरात वाढलेल्या मऊ पायांचे.”

“पण आम्ही सगळे बूट घालून होतो,” हेरंब म्हणाला.

“तुम्ही दोघं होता. तुम्ही सकाळीही काढले नाहीत, माणूस मारायला जाताना कशाला काढाल? चौघांत ती हद्द पाळणारा एकच होता. सकाळी कातळ थंड होता, तेव्हा हे फोड आले नाहीत. मामा, तुम्ही दुपारी पुन्हा वर गेलात. मारायचं ठरवून गेलात की नाही, ते तुम्हालाच ठाऊक. पण धोंड्यापाशी पोचल्यावर पाय आपोआप थांबले आणि तुम्ही बूट काढून ठेवलेत. देवीच्या दारात माणूस ठेचलात, चिरेतल्या पाण्यात हातपाय धुतलेत आणि बूट घालून सावलीत बसलात. नंतर हेरंब हाका मारत होता तेव्हा तुम्हाला वर जाता येईना. बूट घालून जायचं नाही, आणि भाजलेल्या पायांनी पुन्हा त्या कातळावर उतरवेना.”

बालाजीराव आपल्या तळव्यांकडे बघत होते.

“माझा वेंकट तुम्हांस माहीत नाही, अम्मा,” ते म्हणाले. “कारखान्यांत प्रेसमध्ये गेला. गेल्या वर्षीं. हात, खांदा, छाती, सगळं आंत. त्या मशिनीची जाळी उन्मेष सारनेच काढवली होती, काम लवकर व्हावं म्हणून. मी दुपारीं वर गेलों, बोललों, सार, एकदां खरं बोला, तुमची चूक झाली म्हणा. पुरे मला. तो देवीच्या दगडावर बुटाचे पाय ठेवून बसलेला. बोलला, तुझा पोरगाच झोपाळू. आणि पाठ फिरवली.”

“मग?”

“मग धोंडा होता तिथें.”

श्रीरंजनीला वाईट वाटलं. तिने ते लपवलंही नाही. पण एक प्रश्न राहिला होता.

“सुब्बाला मारत होते, तेव्हा तुम्ही तिथंच होता. एक शब्द बोलला असता तर?”

“दोरी मीच दिली,” बालाजीराव म्हणाले. “व्हॅनमधून काढून. मी विचार केला, ह्याला कोण विचारणार.”

हेरंबने मोठा श्वास सोडला. तो उठला, निधीच्या खांद्याला हात लावला. “झालं ना मग, मॅडम? आम्ही जाऊ?”

राजगोपाल दारातून बाहेर गेला होता, इस्पितळाचा फोन घ्यायला. तो परत आला तो हळू पावलांनी. त्याने तामिळमध्ये दोनच वाक्यं सांगितली. डोक्याच्या आत रक्त साचलं होतं. सुब्बा गेला.

श्रीरंजनी हेरंबकडे वळली.

“खाली बसा. तुम्हाला जाता येणार नाही. खून एक नाही, दोन झालेत. दुसरा तुम्ही केलाय.”

“मी?” हेरंबचा आवाज चिरकला. “मला वाटलं तोच खुनी आहे! मला काय माहीत?”

“माहीत नव्हतं, आणि तरी मारलंत. हात बांधलेल्या माणसाच्या डोक्यात बुटांनी लाथा घातल्यात. राजगोपाल, ह्यांना आत घ्या.”

हेरंब ओरडत राहिला. निधी त्याच्यापासून एक खुर्ची लांब सरकली.

बाहेर जीप थांबल्याचा आवाज आला. डोंगरातले पोलीस आले होते. त्यांच्याआधी उतरून एक वाळकी म्हातारी फाटकातल्या शिपायाला काहीतरी विचारत होती. हातात तिने फडक्यात गुंडाळलेला डबा धरला होता.

“कोण ती?” बालाजीरावांनी विचारलं.

“सुब्बाची आई. पोराला भेटायला आलीय. जेवण आणलेलं दिसतंय.”

बालाजीराव त्या पायांवर उभे राहायला गेले आणि कोसळले. फरशीवर पडल्यापडल्याच ते रडू लागले, मोठ्याने, लाज सोडून. वेंकटचं नाव घेत होते की आणखी कुणाचं, ते कळत नव्हतं.

“मी सांगतों तिला,” ते म्हणाले. “मला ठाऊक आहे, कसं सांगतात.”

“नाही,” श्रीरंजनी म्हणाली. “तुमच्या तोंडून नाही.”

तिने टेबलावरची टोपी उचलली, पुन्हा ठेवली, आणि तशीच बोडक्या डोक्याने म्हातारीकडे गेली.