उजव्या हाताचा घाव

“हे कोणी केलं?”

आवाज ऐकून सून स्वयंपाकघरातून बाहेर आली. अंगणातल्या झाडाखाली तिचा नवरा उभा होता. हातात तुटकी फांदी, फांदीला लोंबणारी हातभर सालीची पट्टी... आणि वर खोडावर तेवढीच लांब, ओली जखम! सुट्टीला आलेली नणंद पायरीवरून उठली. आरामखुर्चीत डुलक्या घेणारे सासरे दचकून जागे झाले.

“बाबा, पुन्हा शिडीवर चढलात ना? मागेच बजावलं होतं मी, आता चढलात तर हे झाडच मुळापासून काढून टाकीन. झाड गेलं तरी चालेल, पण तुम्ही पडलात तर काय करू आम्ही?”

सासऱ्यांनी उत्तरासाठी तोंड उघडलं, पण त्याआधीच सून बोलून गेली.

“मी केलं.”

खरं तर सकाळी शिडीवर सासरेच चढले होते; एक फांदी अर्धी कापून ते दमून उतरले, आणि सगळे आत जेवत असताना ती आपल्याच ओझ्यानं फाटून खाली आली. जन्मभर त्यांनी शिंपीकाम केलं. गावातले निम्मे कोट त्यांच्या कात्रीखालून गेलेले! मग हात थरथरू लागला, एका गिऱ्हाइकाचं कापड वाकडं कापलं गेलं आणि त्यांनी दुकानाला कुलूप घातलं. कापण्यासारखं आता उरलं होतं ते एवढं एक झाड. त्याची सावली सगळ्या अंगणावर आणि निम्म्या घरावर पडायची. दरवर्षी उन्हं तापायच्या आधी ते वाळक्या, एकमेकींना घासणाऱ्या फांद्या काढायचे. ते दुपारी आडवे झाले की सून हळूच शिडीवर चढायची, त्यांनी ठेवलेले वेडेवाकडे खुंट फांदीच्या बुडाशी पुन्हा नीट कापायची आणि काही झालंच नाही अशा चेहऱ्यानं चहा टाकायची. संध्याकाळी सासरे वर बघून म्हणायचे, “बघ, हात अजून गेलेला नाही माझा!” आणि ती म्हणायची, “तर काय, बाबा!” त्या एका वाक्यावर म्हाताऱ्याचं वर्षभराचं पोट भरायचं, हे तिला ठाऊक होतं. पण आज नवरा दुपारीच घरी आला आणि सगळा घोळ झाला.

सासरे तरातरा झाडाशी आले. आपले काप नेहमी गुळगुळीतच असतात, याबद्दल त्यांच्या मनात तिळमात्र शंका नव्हती!

“तू? अगं, कितीदा सांगितलं तुला! आधी खालून चीर द्यायची, मग वरून कापायचं. नाहीतर ओझ्यानं फांदी खाली येते आणि साल सोलत नेते. चांगल्या झाडाचा सत्यानाश केलास! माझ्या करवतीला पुन्हा हात लावायचा नाही, सांगून ठेवतो!”

“वहिनी, तुला कुणी सांगितल्या होत्या या नसत्या उठाठेवी?” नणंदेनंही हात धुऊन घेतले.

ती मान खाली घालून उभी राहिली. ज्यांच्यासाठी हे सारं सोसलं, त्यांच्याच तोंडून असे शब्द! पण बोलणार कोणाला? आपलेच दात आणि आपलेच ओठ. झाड वाचलं आणि बाबांचा मान राहिला, एवढ्यावर तिनं मनाची समजूत घातली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती स्वयंपाकघराच्या खिडकीशी उभी होती. बाहेर सासरे चाकूनं फाटक्या सालीच्या कडा साफ करत होते. मध्येच त्यांचा हात थांबला. करवत घसरून सालीवर उठलेल्या ओरखड्यांवरून त्यांनी बोट फिरवलं. मग खालच्याच फांद्यांवरचे जुने, भरत आलेले काप एकेक करून निरखले... आणि शेवटी आपला उजवा हात डोळ्यांसमोर धरून ते कितीतरी वेळ बघत राहिले. ते काय वाचताहेत, हे तिला कळलं. कात्री कोणत्या हातानं चालली, हे कापडाच्या कडेवरून ओळखणारा माणूस तो! आणि ती तर डावरी; तिच्यासाठी डाव्या हाताची कात्री त्यांनीच शोधून आणली होती.

चहाला सगळे टेबलाशी बसले. सासऱ्यांनी कप बाजूला सारला.

“ती फांदी मी फाडली.”

“बाबा, नको ना...” ती कळवळली.

“गप्प बस! काल तुला सगळ्यांदेखत बोललो, आता सगळ्यांदेखतच ऐक.” ते मुलाकडे वळले. “ते ओरखडे उजव्या हाताचे आहेत. ही डावरी. आणि जे सुबक काप मी माझे म्हणून मिरवत होतो ना, ते सगळे... सगळे हिचे आहेत रे!” “का केलंस गं पोरी असं?”

“दुकान बंद केलंत त्या दिवशी तुम्ही जेवला नव्हतात, बाबा... रिकामे हात मांडीवर ठेवून नुसते बसला होतात. झाडही गेलं असतं तर...” पुढचे शब्द हुंदक्यात विरले. नणंदेनं उठून तिला जवळ घेतलं. काल फार बोलले, एवढंच ती कशीबशी म्हणाली.

“मी आता शिडीला पाय लावणार नाही,” सासरे मुलाला म्हणाले. “पण झाड तोडू नकोस.”

“नाही तोडणार, बाबा,” मुलगा खालमानेनं म्हणाला.

दुपारी करवत सासऱ्यांनीच तिच्या हातात दिली आणि ते खाली खुर्ची टाकून बसले. वर दोन फांद्या एकमेकींवर घासत होत्या. एक काढायलाच हवी होती.

“बाबा, कोणती काढू?” तिनं शिडीवरून विचारलं.

त्यांनी खालूनच दोन्ही फांद्या निरखल्या.

“तुला कोणती वाटते?”

कापड असो की फांदी, कुठे कापायचं हे त्यांनी जन्मात कोणाला विचारलं नव्हतं! तिला समोरच्या फांद्या दिसेनाशा झाल्या. ती पदरानं डोळे पुसत राहिली, आणि तिचे डोळे कोरडे होईपर्यंत ते खाली थांबून राहिले.