कोयरीचं चाक

कुणाची ओढणी काट्यात अडकते, कुणाची सायकलच्या चाकात. आरोहीची अडकली कुठं, तर कोंबड्या भाजायच्या यंत्रात!

पिरनवाडीच्या 'बसवंत भट्टी'त तिनं पाऊल टाकलं न टाकलं, तोच दाराशेजारच्या जुन्या भट्टीच्या साखळीनं तिच्या आकाशी ओढणीचं टोक धरलं. वर सळईवर कोंबड्या शांतपणे गरगरत होत्या, आणि आता त्यांच्या रांगेत आपलाही नंबर लागतो की काय, असं तिला वाटायला लागलं.

"थांबा, थांबा! कापतो ती ओढणी!" आतून एक पोरगा चक्क सुरी घेऊन धावत आला.

"खबरदार! बटण बंद कर आधी. आता ते चाक उलटं फिरव... हळू रं, हळू!"

त्यानं निमूटपणे चाक उलटं फिरवलं. ओढणी सुटली, एक धागासुद्धा न तुटता. वडगावच्या विणकराच्या घरात जन्मलेल्या पोरीला एवढं कळणारच की!

"यंत्राची भाषा लई चांगली येते तुला," तो म्हणाला.

"यंत्राची येते. सुरी घेऊन धावणाऱ्यांची न्हाय!"

तो हसला. धुरानं लाल झालेले डोळे, कपाळावर मसाल्याचा ठिपका... आरोहीनं पटकन नजर वळवली. नको तिथं बघायची सवय बरी नव्हे!

तो मंथन. भट्टीचे मालक बसवंतआप्पा, त्यांचा मुलगा. आणि आरोही आली होती भिंत रंगवायला. एका हातगाडीवर सुरू झालेली ही भट्टी आज खानापूर, निपाणी, बोरगावपर्यंत पोचली होती. तो सगळा इतिहास चित्रांत काढून हवा, असं आप्पांचं म्हणणं होतं.

घरी मात्र तिनं सांगितलं होतं, शाळेची भिंत रंगवतेय म्हणून. कारण तिच्या घरात अंडंसुद्धा उंबरा ओलांडत नसे. आई, सत्यवती, असली कडक की शेजारी मासे तळले तरी आपल्या घरात धूप फिरवायची!

भिंतीवर हातगाडी उमटली, पहिलं दुकान उमटलं. आणि मंथन काही ना काही निमित्त काढून शिडीखाली घुटमळायला लागला.

"कोंबडी खाणार?"

"न्हाय."

"मग काय खाणार?"

"तुझं डोकं!"

"भाजून... की कच्चंच?"

ती हसून हसून शिडीवरनं पडायची राहिली. दुसऱ्या दिवशी त्यानं भाजलेलं कणीस आणलं, वर लिंबू चोळलेलं. तिनं हात मागं घेतला, तसा तो घाईघाईनं म्हणाला, "शेगडी वेगळी हाय. चिमटाबी वेगळा. सकाळीच बाजारातनं नवा आणलाय... तुझ्यासाठी."

आता सांगा, अशा माणसावर जीव जडणार नाही तर काय होणार? जडला!

शेवटचं चित्र होतं दारातल्या त्या पहिल्या यंत्राचं. आरोही वही घेऊन त्याच्यासमोर बसली, आणि मंथन अगदी जवळ येऊन हळूच म्हणाला, "आरोही... आप्पांना घेऊन येऊ का तुझ्या घरी? मागणी घालायला?"

चेहरा लपवायला तिनं फडकं उचललं आणि चाकावरची काजळी खसाखसा पुसायला घेतली. काजळीखालून एक कोयरी वर आली. छिन्नीनं कोरलेली, शेपूट डावीकडं वळलेली.

बाई गं! हे तर आपल्या मागाचं चाक!

तिच्या आजोबांनी घरच्या मागाच्या प्रत्येक चाकावर अशी कोयरी कोरली होती. त्यातलं एक चाक तिच्या जन्माआधी चोरीला गेलं. दर खंडेनवमीला आई मागाची पूजा करायची, आणि आरती झाली की त्या चोराला न चुकता शाप द्यायची, "मेल्याच्या जिभेला चव राहू नये!"

"आप्पा, हे चाक कुठनं आणलं?" तिनं विचारलं.

बसवंतआप्पांचा चेहरा उतरला. "ते इचारू नको पोरी. शब्द दिलाय मी."

"आप्पा... चोरीचं हाय व्हय?" मंथननं विचारलं. आप्पांनी मान खाली घातली.

घरी जाऊन आरोहीनं सगळं सांगून टाकलं. शाळेची थाप, भट्टी, मंथन, कोयरी... सगळं. सत्यवती ताडकन उठली. "चोराच्या घरात पोरगी देऊ? माझ्या जिवात जीव हाय तवर न्हाय! चला, रिक्षा बोलवा!"

"अगं, जाऊ दे गं... एका चाकासाठी..." आरोहीचे वडील रवळूअण्णा पुटपुटले. त्यांना दरदरून घाम फुटला होता. पण सत्यवतीपुढं कुणाचं काय चालणार? रिक्षा पिरनवाडीला पोचली.

ती भट्टीत शिरली, चाकापुढं उभी राहिली आणि कडाडली, "कोण तो चोर? पुढं या!"

तेवढ्यात जुना वाढपी मष्णू आतनं आला, रवळूअण्णांना बघून त्याचा चेहरा खुलला. "बर्री अण्णा, या या! आज बुधवार न्हवं, तरी आलासा? नेहमीसारखंच का... लिंबू जास्त?"

आरोही गर्रकन बाबांकडं वळली. बुधवार! दर बुधवारी बाबा सूत आणायला जातात, तो बुधवार?

"वैनी," बसवंतआप्पा हात जोडून म्हणाले, "हातगाडीवर माझी कोंबडी एका अंगानं जळायची, एका अंगानं कच्ची राहायची. अण्णांनी बघितलं. म्हणाले, माग फिरतो तसं एका चालीनं फिरवा. अन् दुसऱ्या दिवशी घरचं चाक आणून त्यांनी स्वतः बसवलं. तुम्हाला सांगायचं न्हाय, असा शब्द घेतला हुता."

घरातला चोर! आणि तोही शाकाहारी म्हणून मिरवणारा! सत्यवती आ वासून नवऱ्याकडं बघत राहिली. मग तिला एकदम काहीतरी उमगलं.

"तरीच! तरीच माझ्या भाजीला चव न्हाय म्हणत होतासा! माझा शाप घरातच लागलाय की हो!"

रवळूअण्णा जमिनीकडं बघत उभे. आरोहीला रडावं की हसावं कळेना.

"चाक काढून देतो वैनी," आप्पा म्हणाले. "भट्टी बंद पडली तरी चालेल."

सत्यवतीनं कमरेच्या पिशवीतनं कुंकवाची डबी काढली, कोयरीवर बोट टेकवलं. "इतकी वर्षं बिनकुंकवाचं फिरलं बिचारं," ती म्हणाली, आणि तिचा आवाज ओला झाला. "असू दे हितंच. चालतं चाक कशाला थांबवू? पण दर खंडेनवमीला ह्याला कुंकू लागलं पायजे... त्याला घरचंच माणूस लागतंय. पोरगी देते तुम्हाला. कणसाची शेगडी तेवढी कायमची वेगळी ठेवा!"

मंथन आरोहीजवळ सरकला. "सगळ्यांनी ठरवलं गं... तू तर काहीच बोलली न्हाईस. व्हय का न्हाय?"

"ओढणी अडकलीय माझी," ती खाली बघत म्हणाली.

"थांब, चाक उलटं फिरवतो!"

"नको... ह्यावेळी नको."

त्यानं गोंधळून यंत्राकडं बघितलं. साखळी मोकळीच होती. मग त्याची नजर खाली गेली. आकाशी ओढणीचं टोक त्याच्या एप्रनच्या नाडीला होतं, विणकराच्या पोरीनं मारलेल्या पक्क्या गाठीनं.