खुळखुळ्याचा उतार

युद्धाची वर्षं होती. भाचीच्या बारशासाठी खडेबाजारातून कुंची घेऊन काकतीचा भावकू कंग्राळीच्या वाटेला लागला, तेव्हा ऊन नुकतंच कलतं झालं होतं. धाकट्या बहिणीला, गुणाला, आता माहेर म्हणजे तो एकटाच. आईबाप उरले नव्हते आणि नवरा पलटणीबरोबर दूर मुलखात होता. म्हणून बाळंतपण सासरीच, कंग्राळीत झालं होतं.

बारशाला मामाने झोळी बांधायची आणि तिच्या दोरीला खुळखुळ्याची फांदी लावायची, अशी तिथली रीत. खुळखुळा हे माळावर आपोआप उगवणारं, छातीइतकं वाढणारं झुडूप. त्याला वाटाण्यासारखी, पण पिवळीजर्द फुलं येतात आणि मग फुगीर शेंगा धरतात. शेंग वाळली की आतलं बी सुटतं आणि ती वाजू लागते. फांदी मात्र हिरवीच तोडायची; शेंगेचा पहिला आवाज झोळीतल्या बाळानेच ऐकायचा. वाजू लागलेली शेंग आधीच कुणाची तरी झालेली असते, असं बायका म्हणत. कुणाची, हे कुणी बोलून दाखवत नसे.

गुणाची सासू, मालुबाई, त्याला आदल्याच दिवशी बोलली होती. "गुऱ्हाळ गुऱ्हाळ करत बसलास. आता हिरवी शेंग काय तुझा बा ठेवून गेलाय व्हय रं?"

"आणतो की, मावशी."

"वाळलेली आणलास तर उंबऱ्याच्या आत घेणार न्हाय. पहिलं गेलंय, हे तरी जगू दे."

माळावरची सगळी झुडपं वाळली होती. ओल राहिली होती ती फक्त गावामागच्या उतारावर, खालच्या घळीत. त्या उतारावर गावातली दगावलेली तान्ही बाळं पुरत. गुणाचं पहिलं बाळ, नाव ठेवण्याआधीच गेलेलं, भावकूने स्वतःच्या हातांनी तिथेच मातीआड केलं होतं. तो क्षणभर थबकला, आणि उतरला.

घळीत खुळखुळ्याची दाटी होती. वाळक्या पाल्याचा उग्र वास नाकात भरला. हिरवी शेंग एकही दिसेना. रिकाम्या हाताने कसं जायचं, या विचाराने त्याने एक वाळकी फांदी अलगद वाकवली. शेंगांवर ओला पंचा गुंडाळून नेला तर कुणाला कळणार होतं?

फांदी कडकन मोडली आणि शेंगा खुळखुळल्या.

मग शेजारचं झुडूप वाजलं. मग त्याच्या पलीकडचं. वारा नव्हता, पान हलत नव्हतं. फक्त शेंगा थरथरत होत्या, एखाद्या लहान मुठीत धरून हलवाव्यात तशा.

भावकूने फांदी टाकली आणि वरच्या दिशेने चालू लागला. पण उतार संपेना. दर वेळी झुडपं बाजूला सारावीत आणि पुढे तीच घळ, तीच टाकलेली फांदी. फांद्या आता छातीला, मग गळ्याला लागू लागल्या. वरचं आभाळ पंच्याएवढं उरलं. आवाज गुडघ्यांच्या उंचीवर आला होता... आणि त्या खुळखुळण्याखालून दुसरंच काही ऐकू येत होतं. बारीक, दमलेलं रडणं.

त्याचं धोतर कुणीतरी खालून धरलं.

त्याने खाली पाहिलं नाही. धाप लागलेल्या तोंडातून, कोणताही मामा रडत्या पोराला म्हणेल, तेच शब्द आपसूक निघाले. "रडू नगो... चल, चल घरला."

सगळं एकदम थांबलं. समोर वाट होती, आणि वाटेच्या टोकाला कंग्राळीची कौलं.

घरी बायका जमल्या होत्या. रिकामे हात पाहून मालुबाई फणकारली, "आला मामा, कुंची हलवत!" गुणा मात्र हसली. "असू दे, आण्णा. झोळी तेवढी बांध." बाळ तिच्या मांडीवर टक्क जागं होतं. त्याच्या अंगाला हळदीचा, दुधाचा वास येत होता. ते पाहून भावकूच्या जिवात जीव आला.

त्याने आढ्याला दोरी टाकली, जुनं लुगडं घातलं आणि गाठ मारून हात काढून घेतला.

लुगडं मोकळं लोंबलं नाही. ते खाली ताणलं गेलं, मध्ये फुगलं. दोरी करकरली. बायकांची कुजबुज तिथेच विरली. भावकू गाठ सोडायला धावला, पण वजनाने ती दगडासारखी आवळली होती. त्याची नखं मोडली.

"गुणा... बाळाला घेऊन भाईर जा. ऐकतीयास न्हवं?"

गुणाने मांडीवरचं बाळ उचललं आणि उघड्या जमिनीवर ठेवून दिलं. मग उठून दोन्ही हातांनी तिने झोळीला हळूच झोका दिला.

"हळू बोल, आण्णा," ती लुगड्यावर वाकून म्हणाली. "आत्ताच डोळा लागलाय."

जमिनीवरचं बाळ आकांताने रडत होतं. गुणाने एकदाही वळून पाहिलं नाही.